रामपुऱ्याचे गडी आणि प्राध्यापक श्रीनिवास

म्हैसूर शहरातील एका ब्राह्मण आळीत वाढणाऱ्या मुलाला आपल्या घराच्या परसातील भिंतीपलीकडे एक निराळे जग नांदत आहे, याची जाणीव फार लवकर झाली. त्या भिंतीपासून जेमतेम पन्नास यार्डांवर बंडिकेरी नावाची वस्ती होती. खेड्यांतून शहरात आलेले कुरुब, म्हणजे आपल्याकडील धनगरांसारखे लोक, तेथे राहत. त्यांची बोली, त्यांचे खाणे, उघड्यावर होणारी त्यांची भांडणे, इतकेच काय, त्या वस्तीचा वाससुद्धा निराळा. पुढे समाजशास्त्रज्ञ म्हणून देशोदेशी नावाजल्यावर या गृहस्थांनी लिहून ठेवले की, परक्या संस्कृतीचा पहिला धक्का आपल्याला घराच्या मागील दारीच बसला होता. हे गृहस्थ म्हणजे प्राध्यापक म्हैसूर नरसिंहाचार श्रीनिवास. ‘संस्कृतीकरण’ आणि ‘प्रभावी जात’ हे त्यांनी रूढ केलेले शब्द आज वर्तमानपत्रांतही सहज वापरले जातात. परंतु ज्या निरीक्षणांतून हे शब्द निपजले, ती निरीक्षणे मुख्यतः श्रमाविषयीची होती, ही गोष्ट काहीशी मागे पडली आहे. कोण कोणासाठी राबतो, कशाच्या मोबदल्यात राबतो, आणि राबणाऱ्याच्या व राबवून घेणाऱ्याच्या मनात काय चालते, या प्रश्नांचा माग श्रीनिवासांनी म्हैसूरजवळच्या एका लहानशा खेड्यात बसून काढला.

श्रीनिवासांचा जन्म १६ नोव्हेंबर १९१६ चा. म्हैसूर विद्यापीठाची स्थापनाही त्याच वर्षीची. त्या काळी म्हैसूरचे संस्थान सुधारणेच्या बाबतीत अग्रेसर मानले जाई. शिवसमुद्रच्या धबधब्यावर निर्माण केलेली वीज १९०२ सालीच कोलारच्या सोन्याच्या खाणींना पुरवली गेली होती. पण सुधारणेची फळे कोणाच्या पदरात पडत होती, हा प्रश्नही तेथेच, आणि बराच आधी, उपस्थित झाला. १९१८ साली म्हैसूर दरबाराने मुख्य न्यायाधीश सर लेस्ली मिलर यांच्या अध्यक्षतेखाली एक समिती नेमली. लोकसंख्येत शेकडा चारही न भरणाऱ्या ब्राह्मणांकडे सरकारी नोकऱ्यांचा फार मोठा वाटा होता. सात वर्षांच्या आत वरिष्ठ जागांपैकी निदान निम्म्या आणि कनिष्ठ जागांपैकी निदान दोनतृतीयांश जागा इतर समाजांकडे जाव्यात, अशी शिफारस समितीने केली. दिवाण विश्वेश्वरय्या यांना हे धोरण पसंत नव्हते, आणि त्याच सुमारास ते दिवाणपदावरून पायउतार झाले. महाराष्ट्रातील श्रोत्यांना येथे २६ जुलै १९०२ या तारखेची आठवण होईल. शाहू छत्रपतींनी कोल्हापूर संस्थानातील निम्म्या जागा मागासलेल्या वर्गांसाठी राखून ठेवण्याचा हुकूम काढला, तो त्या दिवशी. दोन्ही संस्थानांत प्रश्न एकच होता, आणि तो कचेरीतील खुर्चीपुरता होता. शेतातील बांधावर कोण उभा राहतो आणि चिखलात कोण उतरतो, हा त्याच्या पोटातील प्रश्न मात्र कोणत्याही समितीपुढे आला नव्हता.

महाराजा कॉलेजात श्रीनिवासांनी सामाजिक तत्त्वज्ञान हा विषय घेतला. तो अभ्यासक्रम आखणारे प्राध्यापक अर्देशीर वाडिया हे मुंबईकडील पारशी. पुढे हेच वाडिया मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेचे संचालक झाले. त्याच विद्यापीठात मानसशास्त्राचे प्राध्यापक गोपालस्वामी होते. माणसाच्या बुद्धीचे मोजमाप करण्याची विद्या ते लंडनहून शिकून आले होते. श्रीनिवास कॉलेजात असतानाच, १९३५ साली, या गोपालस्वामींनी आपल्या राहत्या घरी एक छोटे प्रक्षेपण केंद्र सुरू केले आणि त्याला ‘आकाशवाणी’ हे नाव दिले. ते नाव पुढे साऱ्या देशाच्या नभोवाणीने घेतले, ही हकीकत येथे थोडी विषयांतराची असली तरी सांगितल्यावाचून राहवत नाही.

१९३६ साली पदवी घेऊन श्रीनिवास मुंबईस आले. मुंबई विद्यापीठात तेव्हा डॉक्टर गोविंद सदाशिव घुर्ये यांचा अंमल होता. मालवणच्या या करड्या शिस्तीच्या विद्वानाने १९२४ पासून समाजशास्त्राचा विभाग सांभाळला होता, आणि इरावतीबाई कर्व्यांसारख्या विद्यार्थिनीला या विद्येची दीक्षा दिली होती. घुर्यांच्या हाताखाली श्रीनिवासांनी म्हैसूरकडील कानडी जातींतील विवाह आणि कुटुंब या विषयावर प्रबंध लिहिला. तो १९४२ साली पुस्तकरूपाने प्रसिद्ध झाला. मग कुर्ग, मग ऑक्सफर्ड. ऑक्सफर्डला रॅडक्लिफ-ब्राऊन व एव्हान्स-प्रिचर्ड या दोन आचार्यांनी त्यांच्या दृष्टीला निराळे वळण दिले. घुर्यांची पद्धत ग्रंथांना धरून चालणारी आणि व्यापक तुलनेची होती. ऑक्सफर्डच्या आचार्यांचे म्हणणे असे की, एकाच लहान समाजात जाऊन राहावे, तेथील एकेक व्यवहार दुसऱ्या व्यवहाराशी कसा गुंतलेला असतो ते पाहावे आणि जे दिसते ते प्रथम टिपावे. ऑक्सफर्डने श्रीनिवासांना भारतीय समाजशास्त्राचे अध्यापक नेमले, आणि नेमणुकीचे पहिले वर्ष खेड्यात राहून संशोधन करण्यासाठी मोकळे दिले. त्यामुळे १९४८ साली ते आपल्याच मुलखात परतले.

त्यांनी निवडलेल्या गावाला त्यांनी ‘रामपुरा’ हे टोपणनाव दिले. म्हैसूरपासून बसने जाता येईल असे, भातशेतीचे, सुमारे पंधराशे वस्तीचे हे गाव. अनेक जातींच्या या गावात जवळजवळ निम्मे लोक वक्कलिग, म्हणजे शेतकरी जातीचे. आपल्या कुणब्या-मराठ्यांच्या जागी त्यांना कल्पावे. गावचा गौड, म्हणजे पाटील, याच जातीचा आणि मोठा जमीनदार. श्रीनिवासांचे पूर्वज त्याच परिसरातून म्हैसूरला आलेले असल्यामुळे निवडीत थोडा भावनेचाही भाग होता, आणि तो त्यांनी लपवला नाही. गौडाने त्यांना राहायला जागा दिली ती आपल्या बैलांच्या वाड्यात. तेथे रात्री बैल बांधले जात आणि त्यांची राखण करणारे गडीही तेथेच असत. ऑक्सफर्डच्या या अध्यापकाने वर्षाचा बहुतेक काळ त्या वाड्यात बैलांच्या आणि गड्यांच्या शेजारी काढला. श्रमाचा अभ्यास करू पाहणाऱ्याला याहून सोयीची जागा मिळणे कठीण होते.

या गड्यांपैकी काही ‘जीत’ पद्धतीने ठेवलेले असत. जीत म्हणजे काय, हे मराठी श्रोत्याला फार समजावून सांगावे लागणार नाही; कारण आपल्याकडील सालगड्याची पद्धत त्याच जातकुळीची आहे. गुढीपाडव्याला साल ठरते, उचल दिली जाते, आणि उचल फिटेपर्यंत गडी धन्याचा होऊन राहतो. रामपुऱ्यात गरीब माणूस एक ते तीन वर्षांच्या कराराने धन्याकडे राही. कराराच्या अटी बहुधा कागदावर उतरवल्या जात. आरंभी काही रक्कम गड्याला किंवा त्याच्या बापाला आगाऊ मिळे आणि ती श्रमाने फेडायची असे. पुष्कळदा करारातील माणूस म्हणजे एखादा पोरगेलासा मुलगाच. पैसे बापाने घेतलेले, आणि वर्षे मुलाची गेलेली. जेवण धन्याकडे, कपडेही धन्याकडून. कामाचे तास असे काही ठरलेले नसत. दिवसाचे चोवीस तास तो धन्याच्या हाकेच्या अंतरावर असणार, हे गृहीतच असे. एखादा गडी कंटाळून पळाला, तर त्याच्या वडीलधाऱ्यांना गाठून त्याला परत आणवले जाई.

येथे श्रीनिवासांनी एक गोष्ट नेमकी टिपली. जीतगडी सर्वच अस्पृश्य नसत. वक्कलिगाच्या घरी गरीब वक्कलिगाचा मुलगाही जीताने राहू शकत असे. परंतु जातीनुसार कामाला मर्यादा पडत. जो गडी घरात वावरू शकतो, स्वयंपाकघराच्या उंबऱ्यापर्यंत जाऊ शकतो, त्याचे काम निराळे. ज्याला उंबरा ओलांडता येत नाही, त्याच्या वाट्याला गोठा आणि शिवार. कर्ज दोघांनाही सारखेच बांधी, पण काम देताना जात मध्ये येई. विषमतेच्या या दोन दोऱ्या एकमेकींत कशा पिळल्या गेल्या आहेत, हे केवळ मजुरीचे आकडे मांडून कोणाच्या ध्यानात आले नसते.

दुसरे नाते याहून जुने आणि अधिक गुंतागुंतीचे. अस्पृश्य कुटुंबे पिढ्यान्‌पिढ्या वरच्या जातीच्या एकेका कुटुंबाला जोडलेली असत, आणि त्या नात्याला शब्द होता ‘हळेमग’. हळे म्हणजे जुना, मग म्हणजे मुलगा; जुना मुलगा. शब्द किती मायेचा! पण या जुन्या मुलाची कर्तव्ये कोणती? धन्याचे जनावर मेले की ते ओढून नेणे, लग्नकार्यात ठरलेली हलकी कामे करणे, पंगत उठली की उष्ट्या पत्रावळी उचलणे. मोबदला म्हणून सुगीला धान्याचा आणि पेंढ्याचा ठरीव वाटा आणि मेलेल्या जनावराचे कातडे. आपल्याकडील बलुत्याचे आणि महारकीचे चित्र ज्यांना ठाऊक आहे, त्यांना यात अनोळखी असे काही वाटणार नाही. त्रिंबक नारायण आत्रे यांच्या १९१५ सालच्या ‘गावगाडा’ या ग्रंथात हीच रचना मराठी मुलखापुरती तपशिलाने आलेली आहे. मात्र आत्र्यांनी गाव पाहिला तो महसूल खात्यातील अधिकाऱ्याच्या नजरेने. कुणब्याच्या खळ्यावर किती जणांचे ओझे पडते, ही त्यांची मुख्य चिंता. श्रीनिवासांचे लक्ष खळ्यावरील वाटणीबरोबरच त्या वाटणीतून निर्माण होणाऱ्या मनोवृत्तीकडे होते.

त्याच्या थोडे आधी अमेरिकेत श्रमिकाच्या मनाचा शोध निराळ्या ठिकाणी चालला होता. शिकागोजवळ वेस्टर्न इलेक्ट्रिक कंपनीच्या हॉथॉर्न येथील कारखान्यात १९२४ पासून आठ वर्षे प्रयोग झाले. दिव्यांचा उजेड कमीजास्त केला, विश्रांतीच्या वेळा बदलल्या, आणि उत्पादनावर काय परिणाम होतो ते मोजले. एल्टन मेयो आणि त्यांचे सहकारी शेवटी या निष्कर्षाला आले की, उजेडापेक्षा अधिक परिणाम आपल्याकडे कोणी लक्ष देत आहे या भावनेचा आणि सोबत्यांच्या गटाचा होतो. कारखान्याच्या फाटकाच्या आत हा शोध खराच होता. पण रामपुऱ्याला फाटक नव्हते. तेथे धनी आणि गडी संध्याकाळी निरनिराळ्या वाटांनी घरी जात नसत. जो कामावर घेई, तोच अडीनडीला कर्ज देई, तोच कुळाला जमीन कसायला देई, भांडण झाले तर तोच निवाडा करी. एकाच माणसाशी इतक्या दोऱ्यांनी बांधलेल्या मजुराला मजुरी वाढवून मागणे म्हणजे सारे नातेच पणाला लावण्यासारखे होते. संप हा शब्द अशा ठिकाणी उच्चारायचा तरी कोणी आणि कोणापुढे?

पुढे लिहिलेल्या ग्रंथात श्रीनिवासांनी एक संपूर्ण प्रकरण गावातील माणसांच्या परस्परसंबंधांच्या गुणधर्माला दिले आहे. त्यात देवघेव आहे, उच्चनीचता आहे, मैत्री आणि वैर आहे, कुजबूज आहे, मत्सर आहे आणि विनोदही आहे. ‘मुख’ या कल्पनेचा त्यांनी विशेष विचार केला. आपण म्हणतो, चारचौघांत तोंड दाखवायला जागा राहिली नाही, त्यातलाच हा अर्थ. रामपुऱ्यात दिलेली वस्तू, केलेले काम, बोललेला शब्द यांची परतफेड होणे ही मुखाची बाब होती. नुकसान सोसता येई. लोकांदेखत झालेला पाणउतारा सोसत नसे. मत्सराला कानडीत जो शब्द आहे, त्याचा शब्दशः अर्थ पोटातली आग. मराठीत आपण पोटदुखी म्हणून थांबतो. आणि ही आग बहुधा दूरच्या श्रीमंताविषयी पेटत नसे. ती भाऊबंदाविषयी, शेजाऱ्याविषयी, कालपर्यंत आपल्या बरोबरीने असलेल्या आणि आज दोन एकर जास्त घेतलेल्या माणसाविषयी पेटत असे. विषमता इतकी मोठी असूनही ती का टिकते, या कोड्याचा एक धागा येथे हाती लागतो. खालच्या पायरीवरील दोन माणसांना एकाच आश्रयदात्याची मर्जी हवी असेल, तर ते एकमेकांचे सहकारी होण्याआधी प्रतिस्पर्धी होतात.

बायकांच्या श्रमाचीही त्यांनी दखल घेतली, आणि त्या काळच्या पुरुष अभ्यासकांत ते तसे विरळाच. नांगर पुरुषाचा, लावणी आणि निंदणी बायकांची, दळण, कांडण, पाणी, चूल हे तर त्यांचेच. पण बायकांशी मोकळेपणी बोलता येत नसल्यामुळे या भागात त्यांचे लेखन बाहेरून पाहिलेल्या गोष्टींवर थांबते.

या साऱ्या निरीक्षणांतून ‘प्रभावी जात’ ही कल्पना आकाराला आली. १९५५ आणि १९५९ च्या त्यांच्या निबंधांत ती सविस्तर मांडलेली आहे. धर्मशास्त्राच्या पुस्तकात ब्राह्मण सर्वांच्या वर असेल. रामपुऱ्यात मात्र ज्याच्याकडे जमीन, ज्याचे घराणे मोठे, ज्याच्या शब्दावर माणसे उठतात-बसतात, तो वक्कलिग गौड खरा सत्ताधीश होता. जमीन असणे म्हणजे दुसऱ्याचे श्रम हाताशी असणे, आणि श्रम हाताशी असणे म्हणजे पुढे मतेही हाताशी असणे. आज सर्रास वापरला जाणारा ‘व्होट बँक’ हा शब्दप्रयोग श्रीनिवासांच्या १९५५ च्या निबंधात आला आहे, तो याच संदर्भात. आश्रित मजूर आणि कुळे आपल्या धन्याच्या सांगण्यावरून मत देतील, हा त्याचा मूळ अर्थ. आज तो शब्द एखाद्या गरीब समाजावर आरोप म्हणून फेकला जातो. जन्माच्या वेळी त्याचा रोख श्रीमंत आश्रयदात्यांकडे होता.

प्रभावी जातीचा हात केवळ मायेचा नव्हता, हेही त्यांनी नोंदवले. त्या टापूत जेव्हा जेव्हा हरिजनांनी हलकी मानलेली कामे नाकारली, तेव्हा तेव्हा त्यांना मारहाण आणि बहिष्कार यांना तोंड द्यावे लागले. ‘जुन्या मुलाने’ नाते तोडू म्हटले की बाप कोणत्या रूपात समोर येतो, ते अशा वेळी दिसे.

तरीही श्रीनिवासांच्या अभ्यासावर एक आक्षेप राहतोच, आणि तो डावलून त्यांचा गौरव करणे योग्य होणार नाही. ते गौडाच्या वाड्यात राहत होते. गौडाचा पाहुणा म्हणून गाव त्यांच्याशी वागत होता. त्यांनी ब्राह्मणासारखे वागावे, ही अपेक्षा खुद्द गावकऱ्यांचीच होती, आणि हरिजनवाड्यात मनमुराद वावरणे त्या प्रतिष्ठेत बसत नव्हते. परिणामी हळेमग धन्याच्या अंगणात कसा दिसतो, हे आपल्याला कळते. तो स्वतःच्या झोपडीत काय बोलतो, हे फारसे कळत नाही. आपण पाहिलेला गाव हा वरच्या जातीच्या, जमीनवाल्या पुरुषांच्या बाजूने पाहिलेला गाव आहे, अशी कबुली श्रीनिवासांनी स्वतःच दिली आहे. कबुलीने उणीव भरून निघत नाही. पण जे लिहिले आहे ते किती अंतरावरून लिहिले आहे, एवढे वाचकाला समजते.

दुसऱ्या बाजूने हाच प्रश्न मुंबईत डॉक्टर बाबासाहेब आंबेडकर केव्हाच मांडून बसले होते. १९२८ सालीच त्यांनी मुंबईच्या कायदेमंडळात महार वतनाच्या कायद्यात सुधारणा सुचवणारे विधेयक आणले होते. ठरीव वेतनावाचून, ठरीव वेळेवाचून, घरातल्या कोणालाही केव्हाही राबवून घेणारी ही पद्धत म्हणजे गुलामी आहे, असा त्यांच्या प्रतिपादनाचा रोख होता. १९३६ च्या ‘जातिनिर्मूलना’च्या निबंधात त्यांनी पुढचे पाऊल टाकले. जाती म्हणजे श्रमविभागणी, या समर्थनाला त्यांचे उत्तर असे की, येथे कामाची नव्हे, काम करणाऱ्यांचीच विभागणी झालेली आहे, तीही एकाखाली एक अशा उतरंडीने. त्यांनी मानसशास्त्राचा मुद्दाही काढला. जे काम जन्माने गळ्यात पडते आणि ज्याला समाज हलके मानतो, त्यात माणसाचे मन लागत नाही, बुद्धी लागत नाही. ते टाळण्याकडेच त्याचा कल राहतो. आंबेडकर ज्याला उतरंड म्हणत होते, तिचा रोजचा व्यवहार रामपुऱ्यात कसा चालतो, हे श्रीनिवासांनी दाखवले. मात्र उतरंड मोडण्याची निकड आंबेडकरांच्या वाक्यावाक्यात आहे. श्रीनिवासांचा सूर तटस्थ, कित्येकदा जुन्या गावाविषयी जिव्हाळ्याचा आहे. खालच्या जाती वरच्यांचे आचार उचलून वर सरकतात, हा संस्कृतीकरणाचा सिद्धांत चवदार तळ्याच्या सत्याग्रहानंतरच्या महाराष्ट्राला अपुरा वाटला, तर त्यात नवल नाही. वतनाची ती प्रथा अखेर १९५८ च्या कनिष्ठ ग्रामवतने नष्ट करणाऱ्या कायद्याने संपली.

श्रीनिवासांची पुढील कारकीर्द सर्वश्रुत आहे. १९५१ साली बडोद्यास आणि १९५९ साली दिल्लीस त्यांनी समाजशास्त्राचे विभाग उभे केले. रामपुऱ्याला ते मधून मधून जात राहिले. १९५२ च्या भेटीत त्यांना गाव बदलताना दिसला. भाताची गिरण, मोटारबस, शहरातील धंदे यांच्याकडे पैसेवाले जमीनदार वळत होते. जो धनी कालपर्यंत जमिनीत पैसा घाली, तो आता यंत्रात घालू लागला. तशात मंड्याला १९३३ पासून साखर कारखाना होताच. रोख मजुरीची वाट त्या मुलखाला अगदी अपरिचित राहिली नव्हती. आश्रयाचे नाते सैल होत होते, पण जमीन अजून त्याच हातांत होती.

रामपुऱ्यावरचा मोठा ग्रंथ मात्र लांबत चालला. १९७० साली श्रीनिवास अमेरिकेत स्टॅनफर्ड येथील अभ्यासकेंद्रात हा ग्रंथ लिहिण्यासाठीच बसले होते. त्या वेळी व्हिएतनाम युद्धाविरुद्ध तेथील वातावरण पेटलेले होते. २४ एप्रिल १९७० रोजी अज्ञात माणसांनी त्या केंद्राला आग लावली. श्रीनिवासांनी अठरा वर्षे परिश्रम करून लावलेल्या, विषयवार जुळवलेल्या टिपणांच्या तिन्ही प्रती त्या आगीत जळाल्या. मूळ रोजनिशा दिल्लीला होत्या म्हणून वाचल्या, परंतु त्यांवरून रचलेले सारे काम गेले. सोल टॅक्स या मानववंशशास्त्रज्ञ मित्राने सुचवले की, आता आठवणीतूनच लिहा. श्रीनिवासांनी तसे केले. १९७६ साली ग्रंथ प्रसिद्ध झाला, त्याचे नाव ‘आठवणीतले गाव’ अशा अर्थाचे. तक्ते आणि आकडे मागे पडले आणि माणसे पुढे आली: गौडाचा करारीपणा, गावकऱ्यांच्या कोपरखळ्या, शेतीविषयीची त्यांची आस्था, आणि बैलांच्या वाड्यातली रात्र. टिपणे जळाली नसती, तर ग्रंथ अधिक भक्कम झाला असता आणि कदाचित कमी वाचला गेला असता. स्मरणशक्ती जिव्हाळ्याच्या गोष्टी जपते आणि टोचणाऱ्या गोष्टी सोडून देते, हा धोका या ग्रंथातही आहे. जीतगड्यापेक्षा गौड त्यात कितीतरी अधिक ठसठशीत उतरला आहे.

योगायोग असा की, त्याच १९७६ साली संसदेने वेठबिगार पद्धती नष्ट करणारा कायदा संमत केला. आधीच्या वर्षी ऑक्टोबरात निघालेल्या वटहुकमाची जागा त्याने घेतली. या कायद्यात वेठबिगारीची व्याख्या करताना देशभरातील प्रचलित नावांची एक यादी दिली आहे. हाली, कामिया, सागडी, वेट्टी अशी नावे त्यात एकापुढे एक येतात. आणि त्यांतच ‘जीत’ हेही नाव आहे. आगाऊ घेतलेल्या रकमेपोटी माणसाने आपले किंवा आपल्या मुलाचे श्रम गहाण टाकणे कायद्याने गुन्हा ठरले, आणि ती कर्जेही रद्द झाली. बैलांच्या वाड्यातील गड्याला जे नाव होते, ते अशा रीतीने देशाच्या कायद्याच्या पुस्तकात गेले.

श्रीनिवास ३० नोव्हेंबर १९९९ रोजी बंगळूरला निवर्तले. त्यांच्या ग्रंथानंतर दोनच वर्षांनी, १९७८ साली, मराठीत दया पवारांचे ‘बलुतं’ आले, आणि आत्र्यांनी कचेरीतून पाहिलेला गावगाडा त्याच्या चाकाखालून कसा दिसतो, हे महाराष्ट्राने वाचले. कानडीतही तसेच घडले. श्रीनिवास रामपुऱ्याला गेले त्याच १९४८ साली म्हैसूर जिल्ह्यातील नंजनगूड तालुक्यात, देवनूर या गावी, एका दलित कुटुंबात देवनूर महादेव जन्मले. म्हैसूरलाच शिकून ते कानडीतील मोठे कथाकार झाले. ‘ओडलाळ’ या त्यांच्या दीर्घकथेत साकव्वा नावाची म्हातारी आपला हरवलेला कोंबडा शोधत फिरते. त्या कथेत गावचा धनी आहे आणि पोलीसही आहेत. पण ती सांगितली जाते ती साकव्वाच्या झोपडीतून, बाहेर बोलता न येणाऱ्या गोष्टी घरातली माणसे आपसात बोलत असताना.